खाटेशी बसलेला वैद्य : थॉमस सिडनहॅम

आपल्या मंडळींत वैद्यकाच्या इतिहासाचा विषय निघाला म्हणजे अल-राझी आणि इब्न सीना यांची नावे अभिमानाने घेतली जातात, आणि ती घेतली जावीत हे योग्यच आहे. देवी आणि गोवर हे दोन निरनिराळे रोग कसे ओळखावेत, हे अल-राझीने सुमारे अकराशे वर्षांपूर्वी रोग्यांच्या अंगावरचे पुरळ आणि ताप प्रत्यक्ष पाहून लिहून ठेवले. इब्न सीनाचा अल-कानून तर युरोपातील विद्यापीठांत सतराव्या शतकापर्यंत शिकविला जात होता. पण ज्या ग्रंथांनी रोग्याकडे पाहायला शिकवायचे, त्यांचेच पाठांतर करता करता युरोपातील वैद्य रोग्याकडे पाहीनासे झाले. आजारी माणसाच्या उशाशी उभे राहून गेलन काय म्हणतो यावर लॅटिनमध्ये वाद घालणे, यालाच विद्वत्ता समजण्याचा तो काळ होता. अशा वेळी इंग्लंडमध्ये एका माणसाने पुस्तक मिटले आणि तो रोग्याच्या खाटेशी जाऊन बसला. त्याचे नाव थॉमस सिडनहॅम.

मुंबईच्या सिडनहॅम कॉलेजमुळे हे नाव आपल्याला परके वाटत नाही. परंतु ते कॉलेज १९१३ साली निघाले आणि त्याला मुंबईचे गव्हर्नर लॉर्ड सिडनहॅम यांचे नाव देण्यात आले. आमच्या चरित्रनायकाशी त्याचा काही संबंध नाही. या स्मरणिकेसाठी हाच चरित्रनायक निवडण्याचे कारण वेगळे आहे. ऱ्हुमॅटिक फीव्हर, मराठीत ज्याला संधिज्वर म्हणतात, हा मुख्यतः ५ ते १५ वर्षांच्या मुलामुलींचा, म्हणजे नेमका शाळेच्या वयाचा रोग आहे. तो आपल्या देशातून अद्याप गेलेला नाही. या रोगाची दोन अगदी वेगळी रूपे सिडनहॅमने स्वतःच्या डोळ्यांनी पाहून लिहून ठेवली, आणि तरीही तो रोग एकच आहे हे त्याला शेवटपर्यंत कळले नाही. या न कळण्यातही शिकण्यासारखे पुष्कळ आहे.

थॉमसचा जन्म १६२४ साली इंग्लंडच्या दक्षिणेकडील डॉर्सेट परगण्यात विनफर्ड ईगल या खेड्यात झाला. घराणे जमीनदारांचे आणि कडव्या प्युरिटन पंथाचे. १६४२ साली तो ऑक्सफर्डला शिकायला गेला, पण काही महिन्यांतच राजा पहिला चार्ल्स आणि पार्लमेंट यांच्यात यादवी युद्ध पेटले. सिडनहॅम बंधू पार्लमेंटच्या बाजूने लढाईत उतरले. पुस्तके सोडून थॉमसही घोड्यावर बसला. या युद्धाची किंमत त्या घराने भरपूर मोजली. १६४४ मध्ये त्याची आई राजपक्षाच्या सैनिकांच्या हातून मारली गेली आणि पुढे एक भाऊ वेमथच्या लढाईत कामी आला. वडील भाऊ विल्यम मात्र मोठ्या पदाला चढला आणि पुढे क्रॉमवेलच्या राज्यकारभारात त्याचे वजन होते.

पहिली लढाई संपल्यावर थॉमस ऑक्सफर्डला परत निघाला होता. वाटेत लंडनमध्ये भाऊ आजारी होता म्हणून तो तेथे थांबला. भावाला तपासायला टॉमस कॉक्स नावाचे डॉक्टर येत. त्यांनी या तरुण शिपायाशी गप्पा मारता मारता पुढे काय करणार म्हणून विचारले, आणि काही ठरलेले नाही असे दिसल्यावर वैद्यक शिकण्याचा सल्ला दिला. एवढ्याशा भेटीने आयुष्याला वळण लागले. सिडनहॅमने हा प्रसंग तीस वर्षांनंतर आपल्या ग्रंथाच्या अर्पणपत्रिकेत कृतज्ञतेने नमूद केला आहे.

१६४८ साली त्याला ऑक्सफर्डची वैद्यकाची पदवी मिळाली. ती मिळण्याइतका अभ्यास झाला होता असे म्हणवत नाही. विद्यापीठ तेव्हा पार्लमेंटच्या ताब्यात होते आणि पदवी देण्यामागे राजकीय वजन होते, हे लपविण्यात अर्थ नाही. त्याच वर्षी ऑल सोल्स कॉलेजचा तो फेलो झाला. १६५१ मध्ये पुन्हा लढाई झाली तेव्हा तो घोडदळाचा कॅप्टन होता. १६५५ साली लग्न करून तो लंडनच्या वेस्टमिन्स्टर भागात राहायला गेला. १६६० मध्ये राजेशाही परतली आणि क्रॉमवेलच्या माणसांचे दिवस फिरले. राजकारणाचे दार बंद झाल्यामुळेच की काय, यापुढे त्याने सारे लक्ष रोग्यांकडे वळविले. १६६३ मध्ये लंडनच्या फिजिशियन्सच्या कॉलेजने त्याला व्यवसायाचा परवाना दिला, पण आपल्या फेलोंच्या पंगतीत कधीच बसविले नाही.

१६६५ साली लंडनमध्ये प्लेगचा हाहाकार उडाला. साथ ऐन भरात आली तेव्हा सिडनहॅम कुटुंबाला घेऊन शहराबाहेर निघून गेला. त्याचे चरित्रकार या गोष्टीवर पांघरूण घालतात. आम्हाला त्याची गरज वाटत नाही. त्या वेळी शहरातले पुष्कळ नामवंत डॉक्टर निघून गेले होते, आणि मुले असलेला माणूस भ्याला तर त्यात नवल काय? तो परत आला आणि पुढच्याच वर्षी, १६६६ मध्ये, तापांच्या उपचारावरचे त्याचे पहिले छोटे पुस्तक बाहेर पडले. ते त्याने शास्त्रज्ञ रॉबर्ट बॉइल यांना अर्पण केले होते. याच सुमारास तत्त्वज्ञ जॉन लॉक यांच्याशी त्याची मैत्री जमली. लॉक स्वतः वैद्यक शिकलेले होते आणि सिडनहॅमबरोबर ते रोगी पाहायला जात.

त्याची पद्धत आज ऐकताना अगदी साधी वाटते. वनस्पती पाहणारा जसा पान, फूल, फळ यांवरून एक झाड दुसऱ्यापासून वेगळे काढतो, तसे रोगही वेगळे काढता येतील, असे त्याचे म्हणणे. त्यासाठी रोग कोणत्या ऋतूत येतो, कोणत्या वयाला धरतो, पहिल्या दिवशी काय होते, चौथ्या दिवशी काय होते, हे सगळे कल्पना न लढविता लिहून काढायचे. रिचर्ड ब्लॅकमोर नावाच्या विद्यार्थ्याने वैद्यकासाठी कोणते पुस्तक वाचू म्हणून विचारले, तेव्हा त्याने डॉन किहोटे ही कादंबरी वाचायला सांगितली. ही थट्टा की खरा सल्ला, यावर आजही वाद घालतात. पुढे ज्यांच्या संग्रहातून ब्रिटिश म्युझियम उभे राहिले ते हॅन्स स्लोन तरुणपणी वनस्पतिशास्त्र आणि शरीररचनेतील प्रावीण्याचे शिफारसपत्र घेऊन आले, तेव्हा ही विद्या बाजारातल्या म्हाताऱ्या बाईला आणि खाटकालाही येते, तू रोग्याच्या खाटेशी जा, असे त्याने त्यांना बजावले म्हणे. त्या काळी देवीच्या रोग्याला दारे-खिडक्या बंद करून, शेगडी पेटवून, पांघरुणांच्या ढिगाखाली घामाघूम करीत. सिडनहॅमने खिडक्या उघडल्या, पांघरुणे कमी केली, थंड पेय द्यायला लावले. याबद्दल व्यवसायबंधूंची नाराजी त्याने ओढवून घेतली. हिवतापावर सिंकोनाची साल कशी आणि केव्हा द्यावी हेही त्याने नीट बसवून दिले.

१६७६ साली त्याचा मोठा ग्रंथ निघाला. ऑब्झर्व्हेशनेस मेडिके, म्हणजे वैद्यकीय निरीक्षणे. आपल्या विषयाच्या दृष्टीने या ग्रंथात दोन प्रकरणे महत्त्वाची आहेत. एकात त्याने मुलांना येणाऱ्या, अंगावर लाल पुरळ उठविणाऱ्या तापाचे वर्णन करून तो गोवरापासून वेगळा काढला. आपण त्याला लोहितांग ज्वर किंवा स्कार्लेट फीव्हर म्हणतो. हे काम थेट अल-राझीच्या वळणाचे आहे. दुसऱ्या प्रकरणात सांध्यांच्या तापाचे वर्णन आहे. थंडी वाजून ताप भरतो. एक-दोन दिवसांत एखादा सांधा असह्य दुखू लागतो, लाल होतो, सुजतो. मग तो बरा होतो न होतो तोच दुखणे दुसऱ्या सांध्यात जाते, आज मनगट तर उद्या खांदा, आणि सर्वांत जास्त गुडघा. रोगी बहुधा तरुण, धडधाकट वयाचा असतो. लोक या दुखण्याला गाऊट समजतात, पण ते गाऊट नव्हे, असे त्याने स्पष्ट लिहिले.

गाऊट कसा नसतो हे सांगण्याचा अधिकार त्याच्याइतका कोणाला असणार? तो स्वतः ऐन तारुण्यापासून गाऊटने पिडलेला होता. त्याने वर्णिलेल्या सांधेदुखीच्या रोग्यांत इतर प्रकारच्या संधिवाताचे रोगीही मिसळलेले असतील, हे आज आपण म्हणू शकतो. पण ताप आणि एका सांध्यातून दुसऱ्या सांध्यात फिरणारी सूज, ही जोडी त्याने अचूक पकडली.

उपचार मात्र जुनाच होता. शिरा उघडून रक्त काढणे, ज्याला आपले जुने हकीम फस्द म्हणत. प्रत्येक वेळी सुमारे १० औंस, आणि असे तीन-चार वेळा. पुढे काही वर्षांनी त्याला स्वतःलाच याची शंका आली. रक्त काढून काढून रोगी खंगतात हे त्याने पाहिले आणि एका अशक्त रोग्याला नुसत्या फाडलेल्या दुधाच्या पाण्यावर ठेवून पाहिले. रोगी बरा झाला. आपण पूर्वी केले ते जास्त होते, हे त्याने १६८० मध्ये छापून प्रसिद्ध केलेल्या पत्रात कबूल केले. नावारूपाला आलेल्या डॉक्टरने असे छापील कबूल करणे आजही फारसे दिसत नाही.

१६८६ साली, वयाच्या बासष्टीत, त्याने एक छोटी पुस्तिका लिहिली. विषय दुसराच होता, पण तीत ओघात एका विचित्र रोगाचा परिच्छेद आला. तो त्याच्या नावाने अमर झाला. दहाव्या वर्षापासून वयात येईपर्यंतच्या मुलामुलींना हा रोग होतो. आरंभी मूल एक पाय ओढत चालते. मग त्याच बाजूचा हात बिघडतो. तो छातीवर ठेवला तरी क्षणभर जागी राहत नाही. पाण्याचा पेला तोंडाकडे नेताना हात असा इकडेतिकडे उडतो की मूल जादूगारासारखे हातवारे करीत आहे असे वाटते. शेवटी नशिबाने पेला ओठाला लागला की ते घटाघट पाणी गिळून टाकते. बघणाऱ्याला हसू यावे असे हे दृश्य. तो हसला नाही, त्याने लिहून घेतले. या रोगाला आज सिडनहॅमचा कोरिया म्हणतात.

लोहितांग ज्वर, फिरती सांधेसूज आणि हा नाचरा हात, या तिन्ही गोष्टी स्ट्रेप्टोकोकस नावाच्या एकाच जातीच्या जंतूशी निगडित आहेत. सिडनहॅमने त्या वेगवेगळ्या पाहिल्या आणि वेगवेगळ्याच ठेवल्या. जोडणारा दुवा होता हृदय, आणि तिकडे त्याने पाहिलेच नाही. विल्यम हार्वे यांचा रक्ताभिसरणावरचा ग्रंथ १६२८ सालचा, म्हणजे सिडनहॅम चार वर्षांचा असतानाचा. पण शवविच्छेदनाने किंवा सूक्ष्मदर्शकाने रोग्याचे काही भले होते यावर त्याचा विश्वास नव्हता. जे डोळ्यांना बाहेरून दिसते तेवढेच खरे, ही त्याची ताकद होती आणि हीच त्याची मर्यादाही होती.

ती मर्यादा ओलांडायला दीडशे-दोनशे वर्षे लागली. सांध्यांच्या तापाबरोबर हृदयही बिघडते असे विल्यम वेल्स यांनी १८१२ मध्ये लिहिले. १८१६ साली पॅरिसमध्ये लाएनेक यांनी कागदाची गुंडाळी रोग्याच्या छातीला लावली आणि स्टेथोस्कोप जन्माला आला. त्यामुळे जिवंत माणसाच्या हृदयाच्या झडपांचा आवाज ऐकता येऊ लागला, आणि १८३६ मध्ये बुईयो यांनी तापासह येणारी सांधेसूज व हृदयाची सूज यांचे नाते ठामपणे मांडले. कोरियाची गाठ या रोगाशी घातली ती फ्रान्सचे जर्मां से यांनी १८५० मध्ये. १८८९ साली लंडनचे चीडल यांनी सांधे, हृदय, कोरिया, त्वचेखालच्या गाठी अशी मुलांतल्या या रोगाची सगळी अंगे एकत्र बांधली. घशातला स्ट्रेप्टोकोकस हा या सर्वांच्या मागे आहे हे १९३० नंतरच्या दशकात स्पष्ट झाले.

घडते ते असे. मुलाचा घसा धरतो, गिळताना दुखते, ताप येतो, चार दिवसांत सारे ओसरते. घरचे विसरून जातात. जंतूशी लढण्यासाठी शरीराने तयार केलेली शस्त्रे मात्र दोन-तीन आठवड्यांनी स्वतःच्याच सांध्यांवर, हृदयावर, मेंदूवर उलटतात, कारण जंतूच्या अंगातील काही द्रव्ये आणि आपल्या शरीरातील द्रव्ये यांत साम्य असते. सांधे बरे होतात, मागे खूणही राहत नाही. कोरियाही काही महिन्यांत थांबतो. पण हृदयाच्या झडपेला आलेली सूज व्रण ठेवून जाते. ताप पुन्हा आला की व्रणावर व्रण. झडप आखडते किंवा गळते. कित्येक मुलींच्या बाबतीत हे लक्षात येते ते लग्नानंतर, पहिल्या बाळंतपणाच्या वेळी धाप लागते तेव्हा.

इतके ज्ञान झाले तरी हा रोग आहे की नाही हे एका फटक्यात सांगणारी रक्ताची तपासणी आजही नाही. बॉस्टनचे डॉक्टर डकेट जोन्स यांनी वर्षानुवर्षे असली मुले पाहिली आणि १९४४ मध्ये निदानाची एक कसोटी घालून दिली. नंतरच्या सुधारणांनंतर तिच्यात पाच मोठ्या खुणा आहेत : हृदयाची सूज, फिरती सांधेसूज, कोरिया, अंगावर उठणारे कडा लाल असलेले चट्टे, आणि कातडीखालच्या न दुखणाऱ्या गाठी. ताप, रक्तातील सूज दर्शविणाऱ्या तपासण्या, हृदयाच्या आलेखातील बदल या लहान खुणा. दोन मोठ्या, किंवा एक मोठी व दोन लहान खुणा, आणि शिवाय घशात नुकताच स्ट्रेप्टोकोकस येऊन गेल्याचा पुरावा, असे जमले म्हणजे निदान पक्के. कोरियाचे मात्र एकट्यावरही भागते, कारण तो घसा बरा झाल्यावर कित्येक महिन्यांनीही येतो आणि तोवर पुरावा उरलेला नसतो. २०१५ मध्ये या कसोटीत पुन्हा दुरुस्ती झाली. आपल्यासारख्या, रोग जास्त असलेल्या देशांत एकाच सांध्याची सूजही मोठी खूण धरावी, आणि कानाला काही ऐकू आले नाही तरी हृदयाची इकोकार्डिओग्राफी करावी, असे ठरले. यंत्र नवे आले. निदानाची रीत मात्र पाहणे, विचारणे आणि खुणा जुळविणे ही सिडनहॅमचीच राहिली.

येथे एक आठवण सांगितल्यावाचून राहवत नाही. पुष्कळ वर्षांपूर्वी एका शाळेत मुलांच्या आरोग्य तपासणीसाठी गेलो होतो. सातवीतली एक हुशार मुलगी वर्गाबाहेर उभी केलेली दिसली. तिचे अक्षर महिन्याभरात बिघडले होते, दोनदा शाई सांडली होती, आणि रागावले की तोंड वेडेवाकडे करते अशी तक्रार होती. घरीही कपबशा फोडते म्हणून मार बसत होता. नजर लागली म्हणून तावीजही बांधून झाला होता. मी तिला माझी दोन बोटे घट्ट धरून ठेवायला सांगितली. तिची मूठ एकदा आवळे, एकदा सैल पडे. जीभ बाहेर काढून ठेव म्हटले तर जीभ क्षणात आत जाई. छातीला नळी लावली, तेव्हा झडपेचा आवाज आला. आईला खोदून विचारले तर पावसाळ्यात घसा आला होता आणि मध्ये गुडघा दुखत होता, पण धावपळीत मुरगळला असेल असे वाटले, असे तिने सांगितले. तिन्ही गोष्टी त्या घरात घडल्या होत्या, पण एकत्र कोणी ठेवल्या नव्हत्या. मुलीला दर तीन आठवड्यांनी पेनिसिलिनचे इंजेक्शन सुरू केले. सुई दुखते म्हणून आई दोनदा चुकवू पाहत होती, पण वर्गशिक्षिका तारीख वहीत लिहून तिला आठवण देत. नेहमी बाहेर उभे करणाऱ्या याच बाई होत्या, हेही सांगायला हवे.

घसा धरला असतानाच पेनिसिलिन दिले तर पुढचा संधिज्वर टळतो, हे अमेरिकेतील वायोमिंग राज्याच्या लष्करी तळावरील जवानांवर केलेल्या अभ्यासातून १९५० साली सिद्ध झाले. औषध स्वस्त आहे. तरीही २०१८ मध्ये जागतिक आरोग्य सभेला ऱ्हुमॅटिक हृदयरोगावर स्वतंत्र ठराव करावा लागला, कारण दाट वस्ती, कोंदट घरे आणि दुर्लक्षित घसे जेथे आहेत तेथे हा रोग ठाण मांडून आहे.

सिडनहॅमची अखेरची वर्षे गाऊट आणि मूतखड्याने फार कष्टाची गेली. १६८३ साली त्याने गाऊटवर ग्रंथ लिहिला. रात्री झोपेतून उठविणारी अंगठ्याची कळ आणि अंगावरचे पांघरूणही न सोसणे, हे त्याने इतके नेमके लिहिले आहे की लिहिणाराच रोगी आहे हे वेगळे सांगावे लागत नाही. २९ डिसेंबर १६८९ रोजी लंडनच्या पॅल मॅल भागातील घरी तो मरण पावला. पिकॅडिली येथील सेंट जेम्सच्या चर्चमध्ये त्याला पुरले. हयातीत ज्याला फेलो केले नव्हते त्याच्या नावाची शिला त्याच फिजिशियन्सच्या कॉलेजने १८१० साली त्या चर्चच्या भिंतीत बसविली.